कल्पित जगातील खानदानी शास्त्रज्ञ स्त्रीचे चरित्र कसे रचावे

एखादे काल्पनिक राज्य, त्यातील एक मातब्बर घराणे, त्या घराण्यातील हट्टी मुलगी आणि तिला लागलेला निसर्गाच्या अभ्यासाचा नाद, एवढी सामग्री हाताशी असली की कादंबरी लिहायला बसण्याचा मोह अनेकांना होतो. असे खर्डे बहुधा एकाच जागी अडतात. नायिका शास्त्रज्ञ आहे हे वारंवार सांगितले जाते, पण ती नेमके काय मोजते आणि कशासाठी मोजते हे कोठेच कळत नाही. माझा स्वतःचा पहिला खर्डा असाच होता. एकशे चाळीस पानांत नायिकेने सात वेळा दुर्बीण डोळ्याला लावली होती आणि एकदाही काही लिहून ठेवले नव्हते. तो खर्डा मी बाजूला ठेवला आणि नंतर ज्या क्रमाने काम केले, तोच क्रम येथे मांडत आहे.

आधी प्रश्न, मग घराणे

वाड्याचा नकाशा, वंशावळ आणि राजमुद्रा यांत महिनाभर घालवण्यापूर्वी नायिकेच्या आयुष्याला पुरेल असा एक प्रश्न ठरवावा. ‘तिला प्राण्यांची आवड होती’ हा प्रश्न नव्हे. प्रश्न असा हवा की त्याचे उत्तर चूक निघू शकेल आणि ते शोधताना तिला घराबाहेर पडावे लागेल. समजा, आपल्या कल्पित जगात म्हशीएवढी, पंख असलेली घोरपड आहे. येथे अंकगणित लेखकाच्या मदतीला येते. एखादा उडणारा प्राणी सर्व मापांनी दुप्पट केला, तर त्याच्या पंखांचे क्षेत्रफळ चौपट होते, पण वजन आठपट होते. म्हणजे पंखाच्या प्रत्येक चौरस वितीवर पडणारा भार दुप्पट होतो. आजच्या जगातील अँडीज पर्वतावरचा काँडोर सुमारे ३ मीटर पंखविस्तारावर जेमतेम १५ किलोपर्यंत वजन पेलतो आणि तोही शक्य तेथे पंख न हलवता वर चढणाऱ्या हवेवर तरंगतो. मग म्हशीएवढी घोरपड सपाट माळावरून उडूच शकणार नाही. ती कड्यावरून स्वतःला खाली सोडील, उन्हाने तापलेला कातळ हवा वर ढकलू लागेपर्यंत सकाळी बसून राहील आणि ढगाळ दिवशी उपाशी राहील.

एवढा विचार होताच कथा आपोआप पुढे सरकते, कारण मनात लगेच येते की मग पावसाळ्याचे चार महिने हे प्राणी खातात काय आणि जातात कोठे? हा झाला नायिकेचा प्रश्न. सह्याद्रीच्या कड्यांवर घरटी करणारी लांब चोचीची गिधाडे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना या प्रश्नासाठी लागणारी दृश्ये फार दूर शोधावी लागणार नाहीत. वर्षाला एकच अंडे, कड्यावर विष्ठेचे पांढरे ओघळ, दुपारच्या वाऱ्यावर घातलेल्या घिरट्या, हे सारे उचलून घोरपडीला द्यावे. कल्पित प्राण्याला खऱ्या प्राण्याची एखादी अडचण जोडली की वाचकाचा विश्वास बसतो. शक्ती जोडली की बसत नाही.

नायिकेचे पहिले उत्तर चूक असले पाहिजे, या मुद्द्यावर मी तडजोड करणार नाही. गिधाडांचेच उदाहरण घ्यावे. भारतीय उपखंडात ती झपाट्याने नाहीशी होऊ लागली, तेव्हा अभ्यासकांना प्रथम संसर्गजन्य रोगाचा संशय आला होता. जनावरांना दिले जाणारे डायक्लोफिनॅक हे वेदनाशामक मेलेल्या गुरांच्या मांसातून गिधाडांच्या पोटात जाते आणि त्यांची मूत्रपिंडे निकामी करते, हे २००४ मध्ये उघड झाले. त्या औषधाच्या पशुवैद्यकीय वापरावर भारतात २००६ मध्ये बंदी आली. या घटनाक्रमात कथेला लागणारे सगळे आहे. पहिला संशय समंजस आहे आणि तरीही चुकीचा आहे. खरे कारण गोठ्यात, सद्हेतूने दिलेल्या औषधात दडलेले आहे. आपल्या नायिकेने पहिली काही वर्षे घोरपडी गुहांत झोपून पावसाळा काढतात असे मानावे, त्या मतावर दरबारात मानाचे वस्त्र मिळवावे आणि मग एका श्रावणात गुहा रिकाम्या निघाव्यात.

खानदान काय देते आणि काय घेते

नायिका सरदारकन्याच का, याचे उत्तर लेखकाकडे तयार असावे. खानदान तिला पैसा, सवड, नोकरचाकर, परमुलखातील विद्वानांशी पत्रव्यवहार आणि बंद दारे उघडणारे नाव देते. त्या बदल्यात एकटीने फिरण्याची मोकळीक आणि कागदावर स्वतःचे नाव लिहिण्याचा हक्क काढून घेते. हा व्यवहार सतत चालू दिसला पाहिजे. वडील क्रूर, आई रडवी आणि कारभारी कपटी, असा ठरीव संच वापरला की तो झाकला जातो. खऱ्या आयुष्यांत अडथळा बहुधा प्रेमळ माणसांकडून आणि हिशेबाच्या वहीतून येतो.

डेन्मार्कच्या सरदार घराण्यातील सोफी ब्राहे हिचे चरित्र या दृष्टीने फार उपयोगी आहे. १५७३ च्या चंद्रग्रहणाच्या वेळी किशोरवयातील सोफीने खगोलशास्त्रज्ञ असलेला थोरला भाऊ टायको याला निरीक्षणांत मदत केली. दुर्बीण तेव्हा निघालेलीच नव्हती. काम चालत असे ते उघड्या डोळ्यांनी आणि कोन मोजण्याच्या मोठ्या चौकटींनी. १५८८ मध्ये ती विधवा झाली, एरिक्सहोमच्या गढीत तिने नावाजलेली बाग केली, औषधे बनवली, आणि पुढे एरिक लांगे नावाच्या सरदाराशी तिची सोयरीक जमली. या गृहस्थांनी सोने बनवण्याच्या किमयेपायी आपली मालमत्ता धुळीला मिळवली होती. लग्न लागले ते १६०२ मध्ये, एकर्नफ्योर्ड येथे. त्या लग्नाची हकीकत सोफीने आपल्या बहिणीला पत्राने कळवली आहे: तिच्या पायमोज्यांना भोके होती आणि नवरदेवाचे कपडे लग्न लागताच गहाणवटदाराकडे परत करावे लागले. ही दोन वाक्ये वाचल्यावर माझ्या नायिकेच्या लग्नातील शंभर हत्ती मी काढून टाकले. त्याच सोफीने उतारवयात डॅनिश सरदार घराण्यांची सुमारे ९०० पानांची वंशावळ लिहून पुरी केली. म्हणजे ज्या खानदानाने तिला वाऱ्यावर सोडले, त्याचीच नोंद ती अखेरपर्यंत ठेवत होती.

म्हणून खर्ड्याला हात घालण्यापूर्वी नायिकेच्या एका वर्षाच्या खर्चाचा कागद तयार करावा. कड्यावर दोर सोडणारे चार गडी, त्यांचा शिधा, कागद, शाई, काचेच्या बरण्या, टांगलेल्या मांसासाठी लागणारे बोकड, गावच्या पाटलाची दस्तुरी, हे सारे कोणत्या रकमेतून येते? खासगीतून येत असेल, तर कारभारी ते कोणत्या खात्यावर दाखवतो? माझ्या दुसऱ्या खर्ड्यात तो सारा खर्च ‘देवीचा नवस’ या सदराखाली पडत असे आणि जमाखर्च तपासणारा दीर त्या सदराकडे श्रद्धेने पाहून पुढे जात असे, तोपर्यंत की एका वर्षी नवसाचे बोकड एकशे सात झाले. अशा कागदातून निघणारा पेच खलनायकातून निघत नाही.

दरबारात तिला कोण पाहते

इंग्लंडमधील न्यूकॅसलची सरदारपत्नी मार्गारेट कॅव्हेंडिश (१६२३ ते १६७३) हिने या प्रकारच्या लेखनाचा पाया साडेतीनशे वर्षांपूर्वीच घातला आहे. तिने १६६६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या कल्पितकथेत एक तरुणी दुसऱ्याच जगाची सम्राज्ञी होते आणि तेथील अस्वलमानव, पक्षीमानव, किडेमानव अशा विद्वानांना निरनिराळ्या शास्त्रांचे काम वाटून देते. हे अस्वलमानव सूक्ष्मदर्शकातून सम्राज्ञीला हत्तीएवढी मोठी दिसणारी ऊ दाखवतात. तिचे विचारणे एवढेच असते की या यंत्राने उवांचे चावणे थांबते का? विद्वानांना नाही म्हणावे लागते. ही कथा तिने निसर्गतत्त्वावरील आपल्या गंभीर ग्रंथाला जोडून छापली होती, म्हणजे चेष्टा आणि शास्त्र तिने एकाच बांधणीत ठेवले.

पुढच्याच वर्षी, ३० मे १६६७ रोजी, ती लंडनच्या रॉयल सोसायटी या शास्त्रज्ञांच्या संस्थेला भेट द्यायला गेली. हवा तोलण्याचे आणि सूक्ष्मदर्शकाचे प्रयोग तिला दाखवण्यात आले. सॅम्युएल पेप्स तेथे हजर होता. त्याच्या रोजनिशीत तिच्या विचित्र पोशाखाचा उल्लेख आहे आणि ऐकण्यासारखे ती काही बोललीच नाही असा शेरा आहे. ग्रंथांवर ग्रंथ लिहिलेल्या बाईचे वर्णन झगा आणि मौन यांत आटोपले. त्या संस्थेने स्त्रियांना सदस्यत्व दिले ते १९४५ मध्ये.

यावरून एक तंत्र शिकण्यासारखे आहे. नायिकेच्या विजयाचा प्रसंग तिच्या तोंडून सांगूच नये; तो दुसऱ्या कोणाच्या तरी बखरीत, बातमीपत्रात किंवा दरबारी टिपणात आलेला दाखवावा, आणि त्यात तिच्या शोधाऐवजी तिच्या नथीचे वर्णन असावे. वाचकाने आधीच्या प्रकरणात तिच्याबरोबर अकरा रात्री कड्यावर काढलेल्या असतात, त्यामुळे त्याला ते टिपण वाचून राग येतो, आणि लेखकाला एक शब्दही वाढवावा लागत नाही.

मोजमाप आणि वही

आपल्या जगातील मापे सुरुवातीलाच ठरवून भिंतीवर लावावीत. हात, वीत, कोस, शेर, मण ही मापे मराठी वाचकाच्या कानाला ओळखीची आहेत आणि कल्पित जगातही ती परकी वाटत नाहीत. वेळेची गोष्ट मात्र जपून करावी. तळाला बारीक छिद्र असलेले घटिकापात्र पाण्यावर ठेवले की एका घटकेत, म्हणजे २४ मिनिटांत, भरून बुडते; दिवसरात्रीच्या ६० घटका मोजायला ते उत्तम, पण कड्यावरून झेपावलेली घोरपड किती वेळात पंख उघडते हे त्याने मोजता येणार नाही. मग नायिकेने काय करावे? गॅलिलिओने उतारावरून घरंगळणाऱ्या गोळ्यांची वेळ मोजण्यासाठी पाण्याचे भांडे आणि तराजू वापरला होता. बारीक तोटीतून जेवढे पाणी गळले, तेवढे तोलून वेळेचे प्रमाण काढायचे, अशी ती युक्ती. आपल्या नायिकेने सोनाराचा काटा आणून तेच करावे. एक दासी बोटाने तोटी धरते आणि सोडते, दुसरी काटा पाहते, आणि तिसऱ्या दिवशी लक्षात येते की थकलेल्या बोटाने तोटी उशिरा बंद होते. हा प्रसंग पानभर रंगवावा. बोटाच्या उशिराची वजाबाकी कशी करायची हे शोधणाऱ्या दोन बायका दिसल्या की शास्त्र दिसते.

वहीतील नोंदी कथेत अधूनमधून द्याव्यात, पण त्या साहित्यिक नसाव्यात. नमुन्यादाखल एक नोंद देतो:

‘चैत्र वद्य तृतीया. कडा पश्चिममुखी. तिसऱ्या प्रहरी वारा खालून वर. एकूण ११ मोजल्या. पैकी ९ सुटल्या, २ बसून राहिल्या. दोरवाला १२ म्हणतो. त्याची बारावी मला दिसली नाही म्हणून ११ धरल्या, परंतु त्याचे म्हणणे येथे लिहून ठेवले आहे. उजव्या हाताला दोराचे वळ, अक्षर वाईट.’

या नोंदीत भावना म्हणून काहीच लिहिलेले नाही. तरी तिचा प्रामाणिकपणा, अकरा आणि बारामधील तिचा अहंकार, आणि दोरवाल्याबद्दलचा सावध आदर यांतील प्रत्येक गोष्ट तेथे आहे. पुढे तीस पानांनंतर बारावी घोरपड खरोखर होती हे निघाले, तर ही नोंद शोधून तिच्या समासात दुसऱ्या शाईने दुरुस्ती करावी.

तू, तुम्ही, मी, आम्ही

मराठीत लिहिणाऱ्याला संबोधनांचे जे साधन आयते मिळाले आहे, ते वाया घालवणे हा मोठा तोटा आहे. वाड्यातील माणसे नायिकेला आक्कासाहेब म्हणतील, सासरी ती वहिनीसाहेब होईल, रयत तिला आईसाहेब म्हणेल, आणि यांपैकी कोणत्याच हाकेत तिचे काम येत नाही. दरबारी पत्रात ती स्वतःला ‘आम्ही’ म्हणवते, तर टिपणवहीत ‘मी’ लिहिते. ज्या दिवशी ती दरबारी पत्रात चुकून ‘मी मोजले’ लिहून जाते, त्या दिवशी कारभाऱ्याने ते पत्र अडवावे. दोरवाल्याला ती तरुणपणी ‘तू’ म्हणते. त्याने तिचे प्राण वाचवल्यावर लगेच ‘तुम्ही’ म्हणू लागली तर ते नाटकी वाटेल. अनेक वर्षांनी, त्याने सांगितलेली पावसाळ्यातील वाट खरी निघाल्यावर, एका साध्या वाक्यात ‘तुम्ही तेव्हा म्हणाला होतात’ असे यावे आणि दोघांनीही त्याकडे लक्ष गेल्याचे दाखवू नये.

शब्दकळेबाबतही सावध असावे. पाठ्यपुस्तकातील पारिभाषिक संज्ञा तिच्या तोंडी घातल्या की ती परीक्षेला बसल्यासारखी बोलू लागते. अजमास, पडताळा, प्रचीती, तोल, फरक, खूण, नोंद, हे रोजच्या व्यवहारातील शब्द शास्त्राचे पुष्कळसे ओझे उचलतात.

ज्ञान कोणाचे

खानदानी बाई डोंगरात जाते, तेथील माणसांना जे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे ते लिहून काढते आणि शोध तिच्या नावावर जमा होतो. ही या कथाप्रकारातील खरी नैतिक अडचण आहे आणि ती टाळून लिहिलेली कादंबरी मला अर्धवट वाटते. मेरी वर्टली माँटेग्यू ही इंग्लिश सरदारकन्या १७१७ मध्ये तुर्कस्तानात असताना तिने तेथील म्हाताऱ्या बायकांना अक्रोडाच्या टरफलात देवीच्या फोडांतील द्रव आणून सुईने शिरेत टोचताना पाहिले. देवीच्या रोगात तिचा भाऊ दगावला होता आणि तिचा स्वतःचा चेहरा विद्रूप झाला होता. तिने आपल्या मुलाला तेथेच टोचून घेतले आणि १७२१ मध्ये लंडनमध्ये मुलीलाही. इतिहासात नाव राहिले मेरीचे. टरफल घेऊन येणाऱ्या बाईचे नाही.

याच्या उलट उदाहरण आपल्या किनाऱ्यावरचे आहे. डच अधिकारी व्हान ऱ्हीड याने मलबारच्या वनस्पतींवर सिद्ध केलेला बारा खंडांचा ग्रंथ १६७८ ते १६९३ या काळात अ‍ॅमस्टरडॅममध्ये छापला गेला. त्याच्या पहिल्या खंडात इट्टी अच्युतन या मलबारी वैद्याचे निवेदन आहे, तसेच रंग भट, विनायक पंडित आणि अप्पू भट या तीन वैद्यांचे नागरी लिपीतील कोंकणी प्रशस्तिपत्रही छापलेले आहे. साम्राज्याच्या चाकरीतला माणूस हे करू शकला, तर आपल्या नायिकेने ते का केले नाही, किंवा केले तर छापखानेवाल्याने ते पान का गाळले, याचे उत्तर कथेत असावे. माझ्या खर्ड्यात ते पान ती स्वतःच गाळते, कारण दोरवाल्याचे नाव छापले तर ती परपुरुषाबरोबर कड्यावर राहिली हे जाहीर होईल. म्हातारपणी आत्मचरित्र लिहिताना तिला याच पानाचा हिशेब द्यावा लागतो.

जादू, काळ आणि शेवट

जगात जादू असेल तर एकच नियम पाळावा: तिचे माप, किंमत आणि अपयश ठरलेले असावे, म्हणजे नायिकेला तिचाही अभ्यास करता येईल. याहून अधिक काही सांगण्यासारखे नाही.

चरित्राचा काळ मात्र नीट आखावा. वृद्ध निवेदिका आपल्या तरुणपणाबद्दल लिहीत असेल, तर दोघींची मते वेगळी हवीत आणि म्हातारीने प्रत्येक ठिकाणी शहाणे ठरू नये. तरुणपणच्या काही चुका तिला अजून बरोबरच वाटत असाव्यात. मध्यंतरीची लग्ने, बाळंतपणे, दुष्काळ, मोहिमा यांची तारीखवार यादी जवळ ठेवावी आणि संशोधनाची यादी तिच्या शेजारी. दोन्ही यादींतील तारखा जेथे एकमेकींवर आदळतात, तेथेच प्रकरणे आहेत.

फ्रान्सच्या एमिली द्यु शातले हिच्या आयुष्यात या तारखा कशा आदळतात ते पाहावे. १७३८ च्या बक्षिसासाठी पॅरिसच्या विज्ञान अकादमीने अग्नीच्या स्वरूपावर निबंध मागवले होते. सिरे येथील घरात तिचा सोबती, लेखक व्हॉल्तेअर, लोखंड तापवून आणि थंड करून तोलत होता, आणि एमिली त्याच घरात त्याला कळू न देता स्वतःचा, त्याच्या मताविरुद्ध जाणारा निबंध रात्री लिहीत होती. झोप येऊ नये म्हणून हात बर्फाच्या पाण्यात बुडवीत होती. तिला उघडपणे प्रयोग करता येईनात, कारण केले असते तर गुपित फुटले असते. बक्षीस दोघांनाही मिळाले नाही, पण दोघांचे निबंध अकादमीने छापले. पुढे मऊ मातीवर पितळी गोळे टाकण्याच्या डच प्रयोगांकडे तिने लक्ष वेधले: वेग दुप्पट केला की गोळा चौपट खोल रुततो, म्हणून गतीतील जोर वेगाच्या वर्गाप्रमाणे वाढतो. न्यूटनच्या मुख्य ग्रंथाचे फ्रेंच भाषांतर आणि त्यावरील भाष्य तिने गरोदरपणात, बेचाळिसाव्या वर्षी, दिवसरात्र बसून पुरे केले. हस्तलिखित राजाच्या ग्रंथालयाकडे सोपवले. सप्टेंबर १७४९ मध्ये मुलीला जन्म दिल्यावर काही दिवसांतच ती वारली. संपूर्ण भाषांतर छापून बाहेर आले ते १७५९ मध्ये.

आपल्या कादंबरीचा शेवट लिहिताना दहा वर्षांचे हे अंतर डोळ्यासमोर ठेवावे. नायिकेच्या मृत्यूनंतर तिची वही कोणाच्या हाती पडते, तो ती वाचू शकतो का, आणि समासातील दुसऱ्या शाईतील दुरुस्तीचा अर्थ त्याला कळतो का, हे ठरवूनच शेवटचे प्रकरण सुरू करावे. माझ्या सध्याच्या खर्ड्यात वही दोरवाल्याच्या नातीकडे जाते. तिला वाचता येत नाही, पण ११ आणि १२ हे आकडे तिला ओळखता येतात, आणि शेजारी काढलेल्या कड्याच्या आकृतीवर ती बोट ठेवते ते बाराव्या घोरपडीच्या जागेवर.